आमची वाटचाल : भोसरीतला एक गाळा

२००९ ला भोसरीत दुसऱ्याच्या गाळ्यात कोपरा भाड्याने घेऊन एक सेकंडहँड लेथ मशीन टाकलं आणि बुश-पिनांचं (मशीनचे छोटे सुटे भाग) जॉबवर्क, म्हणजे कस्टमरच्या ऑर्डरप्रमाणे काम, सुरू केलं. सुरुवातीचं फार सांगण्यासारखं नाही, सगळ्यांचं असतं तेच, उधारी आणि नाइट शिफ्ट. मग स्वतःचा गाळा, मग लोन काढून सीएनसी, म्हणजे कॉम्प्युटरवर चालणारं लेथ. २०१६ च्या नोव्हेंबरात नोटाबंदी झाली तेव्हा पोरांचे पगार रोखीत असायचे, ते कसेबसे भागवले, पुढच्या जुलैत जीएसटी आला तो आमच्या हिने शिकून घेतला, हिशोब तीच बघते. पण एक सांगतो, अशा वेळी सगळेच बुडत असतात, शेजारच्या गाळ्यात जाऊन चहा घेतला तरी धीर येतो. माणूस एकटा पडतो तो बारीकसारीक भानगडींत.

२०२१ चा पावसाळा. एका कस्टमरकडे पेमेंट तीन महिन्यांच्या वर अडकलेलं, त्यातच त्यांनी बोअर (पीसमधलं भोक) ओव्हरसाइज म्हणून अख्खा लॉट परत पाठवला, वर डेबिट नोट, म्हणजे आमच्या पैशातून कपात, ऑपरेटर भोरला भातलावणीला गेलेला, वडील अॅडमिट, आणि नेमकी सीएनसीच्या स्पिंडलमधून (जॉब फिरवणारा दांडा) घरघर. बँकेचा हप्ता मात्र ५ तारखेला जाणार म्हणजे जाणार. शटर ओढून घ्यावं असं वाटलं, खरंच.

आमचे टर्नर काका काही बोलले नाहीत. स्क्रू ड्रायव्हरचं टोक हेडस्टॉकवर, म्हणजे स्पिंडल बसतो तिथे, टेकवलं, मूठ कानाला लावली, आणि म्हणाले, "दादा, बेअरिंग गेलंय, पण बुधवारपर्यंत काढेल. आधी लॉट बघू." मग आम्ही दोघं प्लग गेज घेऊन बसलो, म्हणजे भोक तपासायचा दांडा, एक टोक गो, दुसरं नो-गो. एकेक पीस पुसायचा, गो सरकन आत गेला पाहिजे, नो-गो तोंडाशीच अडला पाहिजे. बरेचसे पीस ओके निघाले, त्यांनी चार पीस बघून सगळा लॉट परत केलेला. राग यायला हवा होता, पण मोजता मोजता डोकंच शांत झालं. गुरुवारी एमआयडीसीला सुट्टी, मशीन तसंही बंदच, त्या दिवशी स्पिंडल उतरवून रिपेअरला दिला आणि तो येईपर्यंत लेथवर जेवढं निघेल तेवढं काढलं.

पेमेंटचं वेगळंच. लहान उद्योगांसाठी २००६ चा कायदा आहे, ४५ दिवसांत पैसे द्यायचे नाहीतर रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट व्याज, पण आपल्याच कस्टमरवर केस कोण टाकणार, पुढची पीओ (ऑर्डर) बंद. ही दर सोमवारी त्यांच्या अकाउंट्सला फोन करायची, आवाज न चढवता एकेक बिल नंबर वाचून दाखवायची, शेवटी त्यांनाच कंटाळा आला आणि पैसे तुकड्या-तुकड्यांत आले. ("पॉझिटिव्ह राहा" वाले मेसेज मी वाचत नाही, ज्याला हप्ता नाही त्याचं काय जातंय.) २०२४ ला इन्कम टॅक्सचं ४३बी(एच) कलम आलं, आमच्यासारख्यांचे पैसे मुदतीत दिले नाहीत तर कस्टमरला त्या वर्षी खर्चाची वजावट मिळत नाही, त्यामुळे आता मार्च आला की त्यांचेच फोन येतात, उद्यम सर्टिफिकेट (लहान उद्योग असल्याचा दाखला) पाठवा म्हणून. ही ते लगेच पाठवते, सोबत थकलेल्या बिलांची यादी.

सध्या दोन सीएनसी आणि एक व्हीएमसी (उभ्या स्पिंडलचं मिलिंग मशीन) आहे. पुढच्या आठवड्यात कस्टमरचं ऑडिट, आणि कूलंटचा पंप आज सकाळीच जळाला. पंपवाला चार वाजता येतो म्हणालाय, म्हणजे सहा.