धार आधी, हत्यार नंतर

पुरातत्त्वाच्या वर्गात बॅसॉल्टचा (काळ्या फत्तराचा) क्लीव्हर, म्हणजे एका टोकाला आडवी धार असलेलं अश्मयुगीन हत्यार, फिरवला की एक प्रश्न ठरलेला असतो : "मॅडम, ही धार घासून काढलीय का?" नाही. दगड घासून गुळगुळीत करणं आपल्याकडे नवाश्मयुगात रुळलं, म्हणजे आमच्या हिशेबाने कालपरवा. अश्युलियन (म्हणजे पुराश्मयुगातल्या, हातकुऱ्हाडी घडवणाऱ्या परंपरेच्या) क्लीव्हरची आडवी धार घासलेली नसतेच, पण ती बारीक ठोकूनही काढलेली नसते. मोठा छिलका, म्हणजे घावाने निघणारा पातळ तुकडा, दगडापासून सुटतो तेव्हाच ती तयार असते. हे मी दरवर्षी फळ्यावर आकृती काढून सांगते, मुलं माना डोलावतात आणि पेपरात "धार ठोकून तयार केली" असंच लिहून येतात.

म्हणून या खेपेला नेवाशाच्या सहलीत प्रात्यक्षिकही ठेवलं. नेवासं लोकांना ज्ञानेश्वरीमुळे ठाऊक. आम्हांला ते ठाऊक आहे पुरातत्त्वज्ञ सांकलियांनी १९५४ पासून तिथे केलेल्या उत्खननांमुळे आणि जवळच्या चिरकी या अश्मयुगीन स्थळामुळे. चिरकीला पुरातत्त्वज्ञ गुद्रुन कॉर्व्हिनस यांनी १९६६ ते १९६९ या काळात उत्खनन केलं आणि धोंड्यागोट्यांच्या थरात हातकुऱ्हाडी, क्लीव्हर सापडले. अशा जागेच्या आसपास आपण दगड फोडणं म्हणजे पुढच्या संशोधकाच्या डोळ्यांत धूळफेक. त्यामुळे बरंच लांब, एका दगडखाणीच्या मालकाची परवानगी काढून बसलो. सगळ्यांना गॉगल, हातमोजे, मांडीवर जाड चामडं.

मुलांनी इंटरनेटवर गोऱ्या लोकांचे व्हिडिओ पाहिले होते. त्यात चकमकीचा दगड लोण्यासारखा सुटतो. दख्खनवर तो दगड नाही. गारगोटी, अकीक, कॅल्सेडनी मिळतात, पण बॅसॉल्टच्या पोकळ्यांत, लहान लहान. त्यांची हत्यारं पुढच्या काळातली आणि आकाराने छोटी. वीतभर लांबीचं काही हवं तर काळ्या फत्तरालाच भिडावं लागतं, आणि तो दाद देत नव्हता. गोटा आपटला की उसळून परत यायचा. फार तर भुकटी पडायची.

खाणीच्या कडेला एक पाथरवट काका खलबत्ता घडवत होते. मिक्सर आल्यापासून पाट्या-वरवंट्याला गिऱ्हाईक उरलं नाही, पण खलबत्त्यांना पुन्हा शहरातून मागणी आहे, असं ते मघाशी सांगत होते. आमचा गोंधळ बराच वेळ बघून ते उठले. मी विभागाच्या शिकवणीच्या संग्रहातला खरा क्लीव्हर नेला होता. तो त्यांनी मागून घेतला.

उलटसुलट करून पाहिला, अंगठा फिरवला. मग एका कडेच्या फुगवट्यावर बोट ठेवलं. "घाव इथं बसलाय. बाजूनं." बरोबर. आघाताच्या जागेखाली येणारा हा फुगवटा ओळखायला आम्ही मुलांना अख्खं सत्र घालवतो. पुढे त्यांनी पाठीवरच्या खपल्यांच्या खुणा वाचल्या : ही आधी निघाली, हिने तिची कड खाल्ली, म्हणजे ही नंतरची. शेवटी धारेशी थांबले.

"ताई, हिला हात लावलेलाच नाही की. आधी ही सपाट खपली काढली, मग ती घेऊन मोठा तुकडा सोडवला. दोन्हीच्या मध्ये धार आपसूक पडली."

फळ्यावरची माझी आकृती नेमकी हेच सांगते, पण मुलांचे चेहरे आत्ता बदलले. पोलादी टाकीने काम करणारा, अश्युलियन हा शब्द कधी न ऐकलेला माणूस दगड पाहून तेच सांगत होता.

"करून दाखवता का? पण टाकी नाही, दगडानंच."

ते हसले आणि धोंडे वाजवायला लागले. हातोडीने हलकेच टकटक. खणखणीत वाजला तर ठेवायचा, बद्द वाजला तर आत चीर आहे, फेकायचा. मुलांनी निवडलेले बहुतेक धोंडे त्यांनी बाद केले. मग एक मोठा धोंडा मातीत तिरका रोवला, कड बाहेर झुकेल असा. काटकोनापेक्षा कमी कोन मिळाला नाही तर घाव आत जातच नाही, हे पुस्तकी वाक्य त्यांनी हातानेच सांगितलं : तळहात तिरका धरून, "एवढं." वरची सपाट खपली काढली. मग दोन्ही हातांनी जड गोटा उचलून बाजूने घातला. आवाज वेगळाच आला, कोरडा. छिलका तळहाताहून मोठा, एका टोकाला सरळ, पातळ धार. बाजू दोन-चार ठोक्यांत सारख्या केल्या. धारेला त्यांनी बोटही लावलं नाही.

"टाकीनं दगड झिजतो," ते म्हणाले, "यानं सुटतो."

एका मुलीने विचारलं, हे करणारा माणूस दिसायचा कसा? त्याचं महाराष्ट्रात एकही हाड मिळालेलं नाही. मध्य प्रदेशात नर्मदाकाठी हथनोऱ्याला १९८२ मध्ये भूवैज्ञानिक अरुण सोनकियांना कवटीचा वरचा भाग मिळाला, आणि ती कोणत्या मानवाची यावर अजून भांडणं चालू आहेत. हत्यारं मात्र लाखो वर्षांची. तमिळनाडूतल्या अत्तिरमपक्कमची तर सुमारे पंधरा लाख वर्षांपूर्वीची.

दुपारनंतरचं काम कंटाळवाणं, पण ते टाळता येत नाही : प्रत्येक छिलका, चुरासुद्धा, गोणीत भरायचा. नाहीतर कुणीतरी त्यावर शोधनिबंध लिहील. ठेवायचे नमुने वेगळे काढून बाकीचा माल खड्ड्यात पुरायचा आणि वर हल्लीचं नाणं टाकायचं, म्हणजे उद्या कुणी खणलंच तर काळ कळेल. मी पाचाचं नाणं काढलं तसं काकांनी अडवलं.

"साल तर रुपयावर पण असतंय की," म्हणाले, आणि एका पोराकडून रुपया मागून घेतला.