क्रॅक कॅड काढून टाकताना: फाउंड्री आणि जॉबवर्कवाल्यांसाठी

कोल्हापुरात उद्यमनगर, शिरोली, गोकुळ शिरगाव, कुठेही जा. पेनड्राइव्हवरून आलेलं क्रॅक कॅड, म्हणजे परवाना मोडून फुकट चालवलेलं ड्रॉइंगचं सॉफ्टवेअर, अजून एखाद्या कोपऱ्यातल्या संगणकावर चालू असतंच. ते इन्स्टॉल करताना पहिली सूचना असते, अँटिव्हायरस बंद करा. खरं नुकसान तिथूनच सुरू होतं, कारण पार्टीची (गिऱ्हाइकाची) ड्रॉइंग, जीएसटीची बिलं आणि बँकेचं लॉगिन त्याच मशीनवर असतं.

ड्रॉइंगच्या फोल्डरमध्ये आपण न बनवलेली 'अकॅड डॉट एलएसपी' फाइल दिसली तर थांबा, तो व्हायरस असू शकतो. ऑटोकॅड सुरू होताना ती आपोआप लोड होते, इतर फोल्डरमध्ये स्वतःच्या प्रती टाकते आणि झिपमधून पार्टीकडेही पोचते. परवान्याच्या ऑटोकॅडमध्येही 'सिक्युअरलोड' ही सेटिंग 1 वरच ठेवा, म्हणजे अनोळखी फाइल विचारल्याशिवाय लोड होत नाही.

कायदाही सौम्य नाही. 1957च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम 63बी नुसार पायरेटेड सॉफ्टवेअर जाणूनबुजून धंद्यात वापरलं तर 7 दिवस ते 3 वर्षं कैद आणि 50,000 ते 2 लाख रुपये दंड आहे. विद्यार्थी परवान्यावर पैशाचं काम करता येत नाही. फ्यूजन या थ्रीडी कॅडची फुकट पर्सनल आवृत्तीही जॉबवर्कसाठी नाही.

नुसतं प्रोफाइल कटिंग, म्हणजे सपाट आकार कापणं असेल तर लिबरकॅड पुरतं. ते फुकट आहे, पण डीएक्सएफ प्रकारचीच फाइल सेव्ह करतं. पार्टी ऑटोकॅडच्या मूळ डीडब्ल्यूजी फाइलवर अडून बसली तर ऑटोकॅड एलटीची वर्गणी भरा, किंवा एकदाच पैसे भरून झेडडब्ल्यूकॅड, ब्रिक्सकॅडसारखा कायमचा परवाना घ्या.

थ्रीडीला फ्रीकॅड, आणि तेही 1.0 किंवा पुढचंच. आधीच्या आवृत्त्यांत मागचं एक माप बदललं की पुढचे फिलेट (कडांना दिलेली गोलाई) तुटायचे. नोव्हेंबर 2024च्या 1.0 मध्ये तो त्रास बराच कमी झाला. अवघड सरफेसच्या डायसाठी (साच्यासाठी) मात्र त्याच्या भरवशावर राहू नका.

पार्टीकडून स्टेप फाइल (वेगवेगळ्या कॅडमध्ये उघडणारी थ्रीडी फाइल) मागा. तीत फीचर ट्री (मॉडेल कसं घडवलं त्याची यादी) येत नाही, नंतर बदल करणं अवघड जातं, म्हणून घट (धातू गार होताना आकसतो त्यासाठीची वाढ) देण्याआधीच वजन पार्टीने सांगितलेल्या वजनाशी ताडून पाहा: ग्रे आयर्नसाठी (बिडासाठी) आकारमान घन मिलिमीटरमध्ये काढून 0.0000072 ने गुणा, किलोत वजन मिळतं. 5,00,000 घन मिमीचं ग्रे आयर्न कास्टिंग 3.6 किलो भरतं. आकडा हजारो पटींनी चुकला तर मिमी-इंचाचा घोळ आहे. जुळला, की 1 टक्का घटीसाठी 1.01 ने स्केल करा. आकारमान साधारण 3 टक्के वाढलेलं दिसलं, मगच फाइल पॅटर्नवाल्याकडे (साच्याचा नमुना बनवणाऱ्याकडे) द्या.