खर्ज स्थिरावला, आता झपतालाचा बेत

मागच्या नोंदीत माझ्या सिंथेसायझरच्या ज्या दुसऱ्या ऑसिलेटरबद्दल (सूर निर्माण करणाऱ्या मंडलाबद्दल) मी वैतागून लिहिले होते, तो काल वेंगुर्ल्यात मुसळधार पाऊस कोसळत असतानाही रात्रभर सुरात राहिला. खर्जाच्या गुंजनासाठी मला एक ऑसिलेटर 27.5 हर्ट्झवर आणि दुसरा त्याहून अर्धा हर्ट्झ खाली हवा होता, म्हणजे दर दोन सेकंदांनी आवाज एकदा फुगतो आणि ओसरतो. भयपटाच्या संगीतातली धास्ती या संथ हेलकाव्यातच असते. मात्र पावसाची सर आली की दुसरा ऑसिलेटर उतरे, हेलकावे तिपटीने जलद होत आणि सगळी धास्ती नाहीशी होई.

माझा पहिला संशय अर्थातच तापमानावर होता, कारण ट्रान्झिस्टरवर ठरणारी सुरांची पट्टी दर अंशाला सुमारे 0.33 टक्के सरकते आणि त्यासाठीच आपण टेम्पको (तापमानाचा फरक भरून काढणारा रोधक) बसवतो. पण तो दोष असता, तर मधल्या सुरापासून वर आणि खाली दोन्हीकडे चूक वाढत गेली असती. इथे तार सप्तक चोख होते आणि केवळ खर्ज ढळत होता. तेव्हा हिशेब मांडला. ऑसिलेटरमधला 1 नॅनोफॅरडचा कपॅसिटर दर कंपनाला 10 व्होल्टपर्यंत भरण्यासाठी 27.5 हर्ट्झला अवघा 275 नॅनोअँपिअर प्रवाह लागतो. त्यातले 10 नॅनोअँपिअर जरी गळाले, तरी सूर जवळजवळ एक हर्ट्झ उतरतो. 1760 हर्ट्झला मात्र तेवढी गळती कानाला कळतही नाही.

भिंगाखाली पाहिले तेव्हा कपॅसिटरच्या दोन पायांमध्ये फ्लक्सचा (डाग देताना वापरायच्या राळेसारख्या पदार्थाचा) तांबूस, चिकट थर दिसला. हा बोर्ड अर्धा जोडलेलाच विकत घेतला होता आणि विक्रेत्याने तो धुण्याची तसदी घेतलेली नव्हती. कोरड्या गावात हे खपून जात असेल, पण खाऱ्या दमट हवेत असा थर ओल धरतो आणि वीज वाहू देतो, म्हणून फ्लक्सवरच्या ‘नो-क्लीन’ (धुण्याची गरज नाही) या शब्दावर किनारपट्टीवर कोणी विसंबू नये, असे माझे ठाम मत आहे. आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि टूथब्रशने बोर्ड घासला, कोमट वाऱ्यावर वाळवला (पॉलिस्टायरीन कपॅसिटरला जास्त उष्णता सोसत नाही) आणि वर अ‍ॅक्रिलिकचा थर दिला. काल रात्रीचे ते शांत, समान हेलकावे ऐकताना झालेले समाधान शब्दांत मांडणे कठीण आहे.

यापुढे दिग्दर्शक-संगीतकार जॉन कार्पेंटर यांच्या 1978 च्या ‘हॅलोविन’ या भयपटातल्या पाच मात्रांच्या चालीवर सिक्वेन्स (आपोआप फिरत राहणारी सुरांची मालिका) बांधायचा, असे ठरले होते; ही लय त्यांना वडिलांनी बोंगोवर शिकवली होती. परंतु हे लिहीत असतानाच एक गोष्ट ध्यानात आली. त्या चालीच्या दहा अर्धमात्रा 3-3-2-2 अशा विभागलेल्या आहेत, तर आपला झपताल 2-3-2-3 असा चालतो. पहिलीचे आघात 1, 4, 7 आणि 9 वर, दुसऱ्याचे 1, 3, 6 आणि 8 वर. म्हणजे दोन्ही एकत्र वाजवले तर समेखेरीज कुठेच मिळत नाहीत! कान आधार शोधत राहील आणि तो दर आवर्तनात एकदाच सापडेल. त्यामुळे नुसत्या सिक्वेन्सचा बेत मी रद्द करतो आहे. जत्रांचा हंगाम सुरू होण्यापूर्वी ओळखीच्या दशावतारी पखवाजियाकडून ठेका ध्वनिमुद्रित करून घ्यायचा आहे. लहान खोलीत पखवाजाच्या दोन्ही तोंडांसाठी मायक्रोफोन कसे लावावेत, याचा अनुभव कोणाला असल्यास अवश्य कळवावा.