तुम्ही विचारलंत म्हणून : कुदूस आणि अठरावं वर्ष

"सर, घानातून कुदूस निघतो, मग कोल्हापुरातून का निघत नाही?" मैदानाच्या कडेला पोराची बॅग धरून उभे असलेले पालक हे विचारतात, लग्नाच्या पंगतीत शेजारी बसलेला माणूस विचारतो, आणि कुदूस ज्या इंग्लिश क्लबात आहे त्या टॉटनहॅमचा सामना झाला की दुसऱ्या दिवशी हमखास कुणीतरी विचारतंच. विचारणाऱ्याच्या मनात उत्तर बहुधा आधीच ठरलेलं असतं. एक तर तिकडची पोरं जन्मतःच दांडगी, नाहीतर गरिबीच माणसाला पळायला लावते. मला दोन्ही पटत नाहीत. माझं उत्तर जरा लांबचं आहे.

बऱ्याच जणांना ठाऊक नसतं, पण घानाचा हा फुटबॉलपटू, मोहम्मद कुदूस, भारतात खेळून गेलाय. ऑक्टोबर २०१७, सतरा वर्षांखालच्या मुलांचा विश्वचषक. घाना आपल्याच गटात होता. १२ ऑक्टोबरला दिल्लीत त्यांनी आपल्याला ४-० हरवलं. मग नवी मुंबईत डी. वाय. पाटील स्टेडियमवर नायजरला २-०. उपांत्यपूर्व सामना गुवाहाटीला, मालीकडून १-२ अशी हार, आणि घानाचा तो एकुलता एक गोल पेनल्टीवर कुदूसचा. पण स्पर्धेत नाव गाजलं ते कर्णधार एरिक अयाहचं. आपल्यावरचे पहिले दोन गोल त्याचे होते, तेव्हा गाजणारच.

भारताच्या त्या संघात आपला अनिकेत जाधव होता. कोल्हापूरचा पोरगा, जन्म १३ जुलै २०००. कुदूसचा जन्म २ ऑगस्ट २०००. वीस दिवसांचा फरक. त्यामुळे मला कुणी "घाना आणि आपण" असं मोठ्ठं काही विचारलं, की मी ही दोनच पोरं समोर ठेवतो.

अंगातल्या ताकदीचं आधी निकालात काढू. त्याच गटात अमेरिकेच्या पोरांनी घानाला १-० हरवलं होतं. कुदूस पाच फूट दहा इंचांच्या आतबाहेर. आपल्या पेठेतल्या घोळक्यात उभा केला तर उंचीवरून कुणी मान वळवून बघणार नाही. दिल्लीतल्या त्या संध्याकाळी चार गोलांचा फरक होताच, तो कशाला नाकारायचा? पण त्या फरकावरून पुढच्या आठ वर्षांचा हिशेब लागत नाही. अयाह तेव्हा कुदूसच्या पुढे होता. तो २०२० मध्ये युरोपात मोनॅको क्लबकडे गेला, म्हणजे संधी त्यालाही मिळाली. तरी आज पालक मला अयाहबद्दल विचारत नाहीत.

कुदूस घानाच्या राजधानीतल्या, अक्रातल्या, निमा वस्तीतला. उत्तरेकडून पोटापाण्यासाठी आलेल्या मुस्लिम कुटुंबांच्या ज्या जुन्या वस्त्या घानाच्या शहरांत आहेत, त्यांना झोंगो म्हणतात, त्यातली ही एक. दाटीवाटीची, गल्लीबोळांची. इथपर्यंतची गोष्ट सगळ्यांना आवडते, कारण ती सिनेमासारखी आहे. पण निमात फुटबॉल खेळणारी पोरं ढिगाने असतात. कुदूसला लहानपणीच 'राइट टू ड्रीम' अकादमीने उचललं, आणि खरी गोष्ट तिथून सुरू होते.

ही अकादमी टॉम व्हर्नन या इंग्लिश माणसाने १९९९ मध्ये सुरू केली. तो पुढे मँचेस्टर युनायटेडसाठी आफ्रिकेत खेळाडू हेरायचंही काम करत होता. आता अकादमीचं आवार व्होल्टा नदीच्या काठी, ओल्ड अक्राडे इथे आहे. देशभर फिरून मोजकी पोरं निवडायची, त्यांना तिथेच ठेवायचं, शाळा आणि फुटबॉल दोन्ही तिथेच. सगळेच व्यावसायिक खेळाडू होत नाहीत. काही जण शिष्यवृत्तीवर अमेरिकेतल्या शाळा-कॉलेजांत जातात. म्हणजे ज्याचं फुटबॉल जमलं नाही, त्याच्या हातातही काहीतरी पडतं. हे मला फार महत्त्वाचं वाटतं, आणि पालकांना फार कंटाळवाणं.

आता नियमाकडे येतो. फिफाच्या नियमानुसार अठरा पूर्ण होईपर्यंत खेळाडूची दुसऱ्या देशात बदली होत नाही, मोजके अपवाद सोडून. २००१ पासून हा नियम आहे, आणि तो उगाच आलेला नाही. पश्चिम आफ्रिकेतून दलाल पोरांना युरोपात नेत. घरच्यांनी शेत-दागिने विकून पैसे दिलेले असत. चाचणीत पोरगं नापास झालं की त्याला तिथेच सोडून दलाल पसार. अशा मुलांसाठी कॅमेरूनच्या एका माजी खेळाडूने पॅरिसमध्ये 'फुट सॉलिडेर' नावाची संस्थाच काढली. नियम चांगला आहे. पण त्यामुळे अठराव्या वाढदिवशी पोरगं एका फटीसमोर उभं राहतं. घरच्या अकादमीत आता शिकण्यासारखं फार उरलेलं नसतं, आणि युरोपातल्या कुठल्या क्लबने ओळखदेख नसलेल्या पोराला खेळवायचं? बोलावलं तरी चार दिवसांची चाचणी. ऐन थंडीत, जेवण वेगळं, भाषा वेगळी. त्यात कोण काय दाखवणार?

राइट टू ड्रीमने यावर जो तोडगा काढला तो ऐकून मी खुर्चीतच सरसावून बसलो होतो. त्यांनी २०१५ च्या अखेरीला डेन्मार्कचा आख्खा क्लबच घेतला. कोपनहेगनजवळच्या फारुमचा एफसी नोरशेलँड, २०१२ चा डेन्मार्कचा विजेता. म्हणजे पोराला युरोपात दार ठोठवायला नको, दार आपलंच. तिथले प्रशिक्षक त्याला वर्षानुवर्षं ओळखतात, त्याच्या आधी गेलेली घानाची पोरं तिथे असतात, आणि मुळात त्या क्लबचं कामच कोवळ्या पोरांना पहिल्या संघात खेळवणं हे आहे. कुदूस २०१८ च्या जानेवारीत तिकडे गेला. ऑगस्टमध्ये अठरा पूर्ण झाले आणि त्याच आठवड्यात तो डेन्मार्कच्या वरच्या लीगमध्ये मैदानात होता. तो काही एकटा नाही. कमलदीन सुलेमाना, सिमोन अडिंग्रा, अर्नेस्ट नुआमा, सगळे याच वाटेने गेले.

डेन्मार्कमध्ये त्याला मैदानावर ठरलेली अशी एक जागा मिळाली नाही, हेही बरंच झालं. कधी मधल्या फळीत, कधी स्ट्रायकरच्या मागे, कधी स्ट्रायकरच्याच जागी. आपल्याकडे पोरगं बारा वर्षांचं झालं की आपण त्याला "तू लेफ्ट बॅक" असं सांगून मोकळे होतो. कुदूसचा खेळ आज बघा. डाव्या पायाचा खेळाडू, पाठीवर माणूस असताना चेंडू घेतो, आणि घेता घेताच वळलेला असतो. कुदूस वळला की समोरचा बचावपटू मागे सरकायला लागतो, आणि मागे सरकणाऱ्या माणसाला चकवणं सोपं असतं. मार्च २०२४ मध्ये इंग्लंडच्या वेस्ट हॅम क्लबकडून जर्मनीच्या फ्रायबुर्गविरुद्ध त्याने मैदानाच्या स्वतःच्या अर्ध्या भागातून चेंडू घेऊन सरळ गोलापर्यंत धाव मारली. वाटेत लोक येत गेले आणि मागे पडत गेले. दोन सामन्यांच्या लढतीतला पहिला सामना ०-१ हरलेला वेस्ट हॅम हा दुसरा ५-० जिंकला. असा गोल पाठ करून येत नाही. लहानपणी चेंडू पायाशी ठेवला म्हणून कुणी ओरडलं नसेल, तरच तो येतो. आपल्या मैदानांवर सगळ्यात जास्त ऐकू येणारा शब्द "सोड, सोड!" हा आहे.

नोरशेलँडकडून नेदरलँड्सच्या आयाक्स क्लबने त्याला २०२० मध्ये सुमारे ९० लाख युरोंना घेतलं. चॅम्पियन्स लीगमधला, म्हणजे युरोपातल्या बड्या क्लबांच्या स्पर्धेतला, त्याचा पहिलाच सामना, समोर लिव्हरपूल, आणि काही मिनिटांतच गुडघा दुखावून तो बाहेर. पुढची दोन वर्षं दुखापतीत आणि बाकावर बरीच गेली. ही वर्षं कुणी रील करून टाकत नाही. सप्टेंबर २०२२ मध्ये त्याच लिव्हरपूलच्या मैदानावर, ॲनफिल्डला, त्याने चेंडू क्रॉसबारखालून असा आत मारला की गोलरक्षकाला काही करताच आलं नाही. आयाक्स हरला तो सामना, पण मुलाला आता कुणी बाकावर बसवणार नव्हतं.

त्या हंगामातला एक प्रसंग मला त्याच्या गोलांपेक्षा जास्त आठवतो. फेब्रुवारी २०२३ मध्ये तुर्कस्तानच्या भूकंपात घानाचा फुटबॉलपटू क्रिस्तियान आत्सू गेला. कुदूसने स्पार्टा रॉटरडॅमविरुद्ध फ्री किकवर गोल केला आणि जर्सी वर करून आतल्या बनियनवरची आत्सूला वाहिलेली श्रद्धांजली दाखवली. नियमाने त्याला पिवळं कार्ड मिळायला हवं. पंचांनी जवळ जाऊन त्याला नियम सांगितला आणि कार्ड काही काढलं नाही. एरवी पंचांच्या नावाने बोटं मोडणारा मी, त्या दिवशी गप्प बसलो.

त्याआधी कतारचा विश्वचषक झालेला होता. २८ नोव्हेंबर २०२२, दक्षिण कोरिया. घाना दोन गोलांनी पुढे, त्यातला दुसरा कुदूसचा हेडर. मग कोरियाच्या चो ग्यू-संगने तीन मिनिटांत दोन हेडर मारून बरोबरी केली. अशा वेळी संघ कोसळतात. अडुसष्टाव्या मिनिटाला डावीकडून क्रॉस आला, इन्याकी विल्यम्सचा पाय हुकला, आणि मागे कुदूस उभा होता. त्याने जोरात मारला नाही, डाव्या पायाने जागेवर ठेवला. ३-२. बावीस वर्षांचा होता.

मग २०२३ ला वेस्ट हॅम, २०२५ ला टॉटनहॅम, तेही सुमारे साडेपाच कोटी पौंडांना. पैशाचा प्रश्न निघतोच, म्हणून सांगून टाकतो. मोठ्या बदलीच्या रकमेतले पाच टक्के खेळाडूला १२ ते २३ या वयात घडवणाऱ्या क्लबांमध्ये वाटायचे, असा फिफाचा नियम आहे. १२ ते १५ मधल्या प्रत्येक वर्षाला एकूण रकमेचा पाव टक्का, पुढच्या प्रत्येक वर्षाला अर्धा. साडेपाच कोटींवर पाव टक्का म्हणजे १ लाख ३७ हजार ५०० पौंड. तेही एका वर्षाचे. पोरगं बारा वर्षांचं असताना त्याचा नोंदणीचा कागद कुणाकडे होता, त्याला दहा वर्षांनी ही किंमत येते.

आता अनिकेतकडे. सतरा वर्षांखालच्या त्या पोरांना विखरू न देता भारताच्या फुटबॉल फेडरेशनने 'इंडियन ॲरोज' नावाचा संघ म्हणून आय-लीग या देशातल्या क्लबांच्या लीगमध्ये उतरवलं. कल्पना उत्तम होती. पहिल्याच सामन्यात चेन्नई सिटीला ३-० हरवलं, दोन गोल अनिकेतचे. पुढे तो जमशेदपूर, हैदराबाद, ओडिशा असा आयएसएलमध्ये, म्हणजे इंडियन सुपर लीगमध्ये, खेळला. कोल्हापूरच्या पोराने एवढं केलं ही साधी गोष्ट नाही, आणि त्याच्या नावाने "काय झालं मग पुढे?" असं विचारणाऱ्यांचा मला राग येतो. अठराव्या वर्षी त्याच्यासमोर फारुमसारखं दार नव्हतं, एवढंच. ॲरोज तर २०२२ मध्ये बंदच झाला. पोरांना आठवड्याला खरा, चुरशीचा सामना देणारी ती जागाही गेली.

घानाची फार आरतीही ओवाळू नका. कुदूससकट चांगले खेळाडू असताना हाच संघ २०२५ च्या आफ्रिका चषकाला पात्रही ठरला नाही. अंगोला, सुदान आणि नायजरच्या गटात एकही सामना जिंकला नाही, तळाला राहिला. एका नदीकाठी चांगली अकादमी चालली म्हणजे देशाचं फुटबॉल सुधारतं, असं नाही. कुदूससाठीही २०२४-२५ चा हंगाम वाईटच होता. ऑक्टोबरमध्ये लाल कार्ड आणि पाच सामन्यांची बंदी, तीही ज्याच्याकडे पुढे गेला त्या टॉटनहॅमविरुद्धच्याच सामन्यात. वर्षभराने, ऑक्टोबर २०२५ मध्ये, अक्रात कोमोरोसविरुद्ध एकच गोल झाला, तो कुदूसचा, आणि घाना २०२६ च्या विश्वचषकाला पोचला.

एवढं सगळं ऐकून घेतल्यावर पालक विचारतात, "मग पोराला बाहेर पाठवू का?" पाठवा, पण फी आणि टर्फचा रंग विचारून थांबू नका. तुमच्या अकादमीतली गेल्या पाच वर्षांत अठरा ओलांडलेली पोरं आज कुठल्या संघात खेळतात, हे नावानिशी विचारा. जी खेळत नाहीत ती काय करतात, तेही विचारा. पोराची नोंदणी कुणाच्या नावावर आहे तो कागद बघा. आणि युरोपात चाचणी ठरवून देतो म्हणून कुणी आगाऊ पैसे मागितले, तर त्याला चहा पाजा आणि घरी पाठवा.