'इतर' नावाचा रकाना

२३ नोव्हेंबर २०२४, विधानसभेची मतमोजणी. वर्तमानपत्राच्या डेस्कवर माझ्या वाट्याला दर वेळेप्रमाणे जिल्हानिहाय तक्ता आला होता. ३६ जिल्हे, २८८ जागा आणि चार रकाने: महायुती, मविआ (महाविकास आघाडी), अपक्ष, इतर.

निकालाच्या दिवशी आम्ही सकाळपासून पळत असतो असं लोकांना वाटतं. प्रत्यक्षात दुपारपर्यंत माझ्या हाताला काम नसतं. वाहिन्या तासाभरात कल वाटून मोकळ्या होतात, पण छापायला कल चालत नाही. 'आघाडीवर' असेपर्यंत हात लावायचा नाही. 'विजयी' आलं की प्रिंटआउटवर लाल टिक. १ अक्कलकुवा, २८८ जत. मालेगाव मध्यला १६२ मतांचा फरक पाहिला तेव्हा आकडा दोनदा वाचला आणि टिक केली. नाशिकच्या पंधरातली चौदा महायुतीकडे, एक एमआयएमकडे. तक्त्याला काहीच अडचण नाही.

अडचण कोल्हापूरला आली. तिथे दहा जागा. शिंदेंची शिवसेना ३, भाजप २, अजित पवारांची राष्ट्रवादी १. मग जनसुराज्यचे दोन, शिरोळला राजर्षी शाहू विकास आघाडी आणि चंदगडला भाजपचा बंडखोर अपक्ष. आयोगाच्या लेखी युती-आघाडी असलं काही नसतंच, तिथे फक्त पक्ष. कुठला पक्ष कोणाच्या गोटात, हे आम्ही आमच्या डोक्यानं ठरवतो आणि रात्री साडेनऊला डोकं किती चालतं ते सांगायला नको. डाक आवृत्ती, म्हणजे बाहेरगावी जाणारी, सुटायला वीस मिनिटं होती. शिरोळची नोंद नव्या पोरानं केली. नावात 'आघाडी' दिसली, त्यानं जागा मविआत टाकली. बेरीज १० येत होती, त्यामुळे मलाही काही खटकलं नाही. पोरगा हुशार आहे. त्याला कोणी काही सांगितलंच नव्हतं, आणि सांगायचं काम माझं होतं.

डाक आवृत्तीत मथळा गेला, 'कोल्हापुरात मविआचा धुव्वा'. २०१९ ला एकट्या काँग्रेसचे तिथे चार आमदार होते, तेव्हा मथळा रास्तच होता. खाली माझ्या तक्त्यात: मविआ १. शहर आवृत्तीत दुरुस्त केलं. डाक आवृत्ती गावोगाव गेली ती गेलीच.

पण ती चूक होती, कळली, मिटली. मी घोळवत बसलोय ते सोलापूर.

सोलापूरला अकरा जागा. भाजप ५. शरद पवारांची राष्ट्रवादी ४, बार्शीत ठाकरेंची शिवसेना १, म्हणजे मविआही ५. उरलं सांगोला. तिथे शेकापचे, म्हणजे शेतकरी कामगार पक्षाचे, बाबासाहेब देशमुख निवडून आले, शिंदेंच्या शिवसेनेच्या शहाजीबापूंना पाडून. शेकाप राज्यात मविआसोबत. पण सांगोल्यात मशालीचा, म्हणजे ठाकरेंच्या शिवसेनेचा, उमेदवारही उभा होता. मविआत धरलं तर जिल्हा ६-५ नं त्यांचा. नाही धरलं तर बरोबरी. एका टिकेवर जिल्ह्याचा मथळा फिरत होता.

सोलापूरच्या वार्ताहराला फोन लावला. तो म्हणाला, "मविआतच लिहा, उद्या तिकडंच बसणार." वृत्तसंपादक म्हणाले, "मशाल समोर होती ना? मग कसली मविआ? इतर कर." दोघांचंही बरोबर वाटत होतं. वृत्तसंपादकांना प्रश्न पूर्ण ऐकून घ्यायची सवय नाही, पण त्या रात्री मलाही वेळ नव्हता. 'इतर १' केलं, ५-५-०-१, पान सोडलं. पहिल्या पानावर महायुतीची बेरीज २३० घेतली, फक्त तीन पक्षांची. मित्रपक्ष धरणाऱ्यांचा आकडा वेगळा येणार, हे तेव्हाच दिसत होतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी डेस्कवर फोन आला. सांगोल्याचे वयस्कर गृहस्थ, आवाज शांत. मला वाटलं, मविआत का नाही म्हणून भांडतील. ते म्हणाले, "गणपतराव आबांना आम्ही अकरा वेळा निवडून दिलं. आता त्यांचा नातू आला. मागल्या वेळी ७६८ मतांनी गेली होती सीट. आणि तुम्ही आम्हाला इतर म्हणता?"

मी म्हणालो, "काका, जागा कमी असते, चारच रकाने बसतात."

"पक्षाचं नाव तीन अक्षरांचं आहे," ते म्हणाले. "शेकाप. 'इतर'ला किती लागतात?"

मी मोजली. तीनच.