तुम्ही विचारलंत म्हणून: सॅम किडच का?

"जुने ब्रिटिश सिनेमे बघ की, पण हा सॅम किड कोण? सैनिक, खलाशी, टॅक्सीवाला... एक वाक्य बोलतो आणि जातो. त्यात एवढं काय आहे?" घरी, नातेवाइकांत, नाटकाच्या ग्रुपवर सगळीकडे हेच. एकदाच सांगते.

त्याला बिचारा म्हणू नका. दोनशेहून जास्त चित्रपट केलेत त्यानं. टीव्हीवर 'क्रेन' मालिकेतला त्याचा ऑर्लँडो लोकांना इतका आवडला, की 1965 साली त्या पात्राच्या नावानं वेगळी मालिका निघाली. पण मी अडकले ती दुसऱ्याच गोष्टीत.

1940 साली फ्रान्समध्ये तो जर्मनांच्या हाती सापडला आणि पोलंडमधल्या युद्धकैद्यांच्या छावणीत गेला. तिथं तो कैद्यांना घेऊन नाटकं बसवायचा. तीन वर्षांनी मायदेशी परतायची संधी आली, तर यानं नाही म्हटलं. का, तर हातातली नाटकं. युद्ध संपेपर्यंत तो तिथंच राहिला. या कामाबद्दल त्याला नाटकाच्या मुखवट्यांची जोडी मिळाली, रेड क्रॉसनं काटेरी तारेतून घडवलेली. ज्या तारेआड डांबलं, तिचेच मुखवटे!

पूर्वी हे सांगताना मी "याला म्हणतात निष्ठा" असं ठणकावून म्हणायचे. आता जीभ रेटत नाही. घरी कुणी त्याची वाट बघत असेल, त्यांचं काय? तरीही त्याला वेडा म्हणालात तर मी भांडेन.

कारण मीही एकदा नाही म्हटलंय. राज्य नाट्य स्पर्धेसाठी शेजारणीची भूमिका आली होती. तीन वाक्यं. "एवढ्यासाठी दीड महिना तालमींना कोण येणार?" असं मी दिग्दर्शकाला सुनावलं. प्रयोगाला तिसऱ्या रांगेत बसले. दुसरीच कुणीतरी रिकामी वाटी पदराखाली धरून आली, दारातच घुटमळली, "वहिनी, विरजण आहे का हो?" म्हणाली, आणि घरात काय बिनसलंय ते तिच्या नजरेवरून सगळ्या प्रेक्षागृहाला कळलं. मला घरी जाऊन जेवण गेलं नाही.

छावणीतून सुटल्यावर 1946 साली युद्धकैद्यांवरच्याच 'द कॅप्टिव्ह हार्ट'मध्ये त्याला काम मिळालं. तेही छोटंच. तो पडद्यावर आला की मी हातातलं काम बाजूला ठेवते.