व्रोत्सवाफचा तिसरा फलाट

पहाटे चारला हॉटेलातून निघाले. नोव्हेंबरची थंडी, हातमोज्यांतही बोटं बधिर. पोलंडमधल्या व्रोत्सवाफचं मुख्य स्टेशन नारिंगी किल्ल्यासारखं दिसतं, पण मला पाहायचा होता तो फक्त तिसरा फलाट.

८ जानेवारी १९६७. अशाच पहाटे वॉर्सोची गाडी सुटली होती. शूटिंगसाठी इथे आलेला पोलिश अभिनेता झ्बिग्न्येव्ह त्सिबुल्स्की धावत आला, चालत्या गाडीत चढायला गेला आणि चाकाखाली सापडला. वय अवघं ३९. मी डोंबिवलीची. सुटलेली गाडी दिसली की हात आपोआप दांड्याकडे जातो, हे मला ठाऊक आहे. त्याच्या नावाच्या पाटीसमोर उभी राहिले आणि पोटात खड्डा पडला. ही पाटी १९९७ मध्ये दिग्दर्शक आंद्रेई वायदांच्या हस्ते लागली.

वायदांच्याच ‘ॲशेस अँड डायमंड्स’मध्ये (१९५८) मी त्याला पहिल्यांदा पाहिलं, पुण्याला, फिल्म आर्काइव्हमध्ये. चित्रपटाचं बरंचसं शूटिंग याच शहरातलं. गोष्ट १९४५ च्या मे महिन्यातली, पण हा पठ्ठ्या कॅमेऱ्यासमोर आला तो स्वतःच्याच कपड्यांत, डोळ्यांवर काळा चष्मा. मग कथेतच कारण आलं: नाझींविरुद्धच्या वॉर्सोच्या उठावात (१९४४) गटारांच्या अंधारात फार दिवस काढले, म्हणून उजेड सोसत नाही. त्याचा हट्ट बरोबर होता. युद्धानंतरच्या पोलिश तरुणांना पडद्यावर आपल्यातलाच कुणी दिसला.

मूळचा मात्र तो रंगभूमीचा. क्राकूवला नाट्यशिक्षण घेऊन ग्दान्स्कला गेला आणि १९५४ मध्ये मित्र बोगुमिल कोब्येलाबरोबर ‘बिम-बोम’ हे विद्यार्थ्यांचं नाटक मंडळ उभं केलं. त्या नाटकांपैकी एकही मला कधी पाहायला मिळणार नाही, याची हळहळ वाटते.

दुपारच्या गाडीने कातोवित्सेला गेले. त्याची कबर तिथे आहे. पोलंडमध्ये कबरीवर काचेच्या भांड्यातले दिवे लावतात. दफनभूमीच्या दाराशी एका आजींकडून मी एक घेतला.

‘ॲशेस अँड डायमंड्स’मध्ये तो दारूचे प्याले बारवर ओळीने मांडून एकेक पेटवतो, आणि प्रत्येक ज्योतीबरोबर त्याचा साथीदार एकेका मेलेल्या मित्राचं नाव घेतो. वाऱ्यामुळे माझ्या दोन काड्या विझल्या. तिसरी लागली. मी त्याचं नाव घेतलं. उच्चार चुकला असेल, पण मोठ्याने घेतलं.